तेहेतिसाव्या वर्षी पहिली एन्ट्री

रविवार, रात्रीचे साडेअकरा

दिवसभर पाऊस. दुपारी आईबरोबर १९६१चा 'मर्डर, शी सेड' हा सिनेमा पुन्हा बघितला. आईला इंग्रजी संवाद फारसे कळत नाहीत. पण शेजारून जाणाऱ्या आगगाडीच्या खिडकीत खून होताना मिस मार्पलला, म्हणजे त्यातल्या म्हाताऱ्या हौशी गुप्तहेर बाईला, दिसला आणि तिची ती भलीमोठी हनुवटी हलली, तशी आई म्हणाली, "हिचं तोंडच बोलतंय गं."

मार्पल झालेली ती मार्गारेट रुदरफर्ड. मला ही बाई आवडते ती आधी तिच्या उशिरामुळे. जन्म १८९२चा, आणि लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात पहिल्यांदा उभी राहिली १९२५मध्ये, तेहेतिसाव्या वर्षी. तोवर पियानोच्या शिकवण्या. मावशी वारली, थोडा पैसा मागे ठेवून गेली, तेव्हा कुठे हिला नाटकाकडे वळता आलं. नायिकेचा चेहरा नव्हताच, त्यामुळे तो टिकवायची काळजीही नव्हती!

त्या मावशीनेच तिला वाढवलं होतं. वडिलांनी स्वतःच्या वडिलांचा खून केला होता आणि ते ब्रॉडमूरच्या मनोरुग्णालयात होते. सुटल्यावर ते बायको-मुलीला घेऊन मद्रासला आले. तिथे आईने आत्महत्या केली, आणि एवढीशी पोर विम्बल्डनला परत गेली. आपल्यालाही वेड लागेल, ही धास्ती तिला जन्मभर होती म्हणे. हे कळल्यापासून तिच्या विनोदाला हसताना मी मध्येच थबकते.

मुद्दाम हसवायला ती जायचीच नाही. 'ब्लाइद स्पिरिट'मधली मॅडम आर्काटी, १९४१मध्ये रंगमंचावर आणि १९४५मध्ये पडद्यावर. भुतांना बोलावणाऱ्या बाईची टिंगल होतेय असं वाटून तिने आधी आढेवेढे घेतले होते. मग केली ती अशी, की आर्काटीचा आपल्या विद्येवर शंभर टक्के विश्वास. हशा त्या विश्वासातून येतो. आपल्याकडे डोळे मिचकावून 'बघा, विनोद करतोय हं' म्हणणाऱ्यांनी हे बघावं. (वैताग निघाला. असो.)

मार्पलचंही तेच. अगाथा ख्रिस्तीची मार्पल नाजूक, विणकाम करणारी. ही रुंद, केप पांघरलेली, प्रेत शोधण्यासाठी बागेत गोल्फचे फटके मारणारी. पुस्तकाशी काडीचं साम्य नाही. तरी ख्रिस्तीने १९६२ची एक कादंबरी हिलाच अर्पण केली. ऑस्कर मात्र वेगळ्याच भूमिकेसाठी, वयाच्या ७१व्या वर्षी: धुक्यामुळे विमानतळावर अडकलेली, घर वाचवायला पैशांच्या मागे निघालेली डचेस.

सिनेमात मार्पलला मदत करणारा एक भित्रा, सभ्य गृहस्थ आहे, मिस्टर स्ट्रिंजर. मूळ पुस्तकात तो नाहीच. आई त्याच्याकडे बोट दाखवून म्हणाली, "हा बघतोय कसा बघ तिच्याकडे."

मी सांगितलं, तो स्ट्रिंजर डेव्हिस, तिचा खरा नवरा. १९४५मध्ये लग्न केलं, तेव्हा ती बावन्नची होती.

"तरीच," आई म्हणाली आणि चहा टाकायला उठली.