कॉन्टॅक्टरची कडकड

"मॅडम, तुमचा कंट्रोलर कडकड करतोय. कॉन्टॅक्टर जळायच्या आत या." फोन लगेच बंद. उद्यमनगरातून शिरोली एमआयडीसी लांब नाही, पण पंचगंगेचा पूल ओलांडेपर्यंत माझ्या पोटात गोळा आला होता. त्या कंट्रोलरचा सर्किट बोर्ड माझ्या हातचा, पहिलाच. सोबत वर्कशॉपमधले काका होते.

हीट ट्रीटमेंटची भट्टी, सेट पॉइंट, म्हणजे गाठायचं तापमान, ८५० अंश. कॉन्टॅक्टर म्हणजे भट्टीचा मोठा स्विच, आणि तो चालवणारा बोर्डावरचा छोटा स्विच म्हणजे रिले. तापमान ८१३ च्या आसपास पोचलं की रिले चालू, बंद, चालू, बंद. मला वाटलं नॉइज आहे, सिग्नलमध्ये मिसळणारी अनियमित खरखर. लॅपटॉप उघडून प्रोग्राममध्ये १६ रीडिंगची सरासरी घातली. कडकड थांबली नाही, नुसती संथ झाली.

"लॅपटॉप मिट आधी," काका म्हणाले. "रिले ओढल्यावर आकडा किती उडतोय?"

"सदतीस."

"दरवेळी सदतीसच? मग नॉइज कसला गं त्यो? नॉइज असा एका आकड्यावर बसतोय व्हय?"

त्यांनी मल्टीमीटर २०० मिलीव्होल्टवर ठेवला. एक प्रोब अँप्लिफायरच्या ग्राउंडला, दुसरा थर्मोकपलच्या, म्हणजे तापमान मोजणाऱ्या सेन्सरच्या, ग्राउंडला. माझ्या ड्रॉइंगमध्ये दोन्हीकडे ग्राउंडचा तोच त्रिकोण, शून्य व्होल्टची खूण, म्हणजे शून्यच यायला हवं. रिले बंद असताना आलंही. रिले ओढला आणि मीटरवर १.५ मिलीव्होल्ट.

मी तिथेच वहीत हिशोब मांडला. रिलेच्या कॉइलचे ३० मिलीअँपिअर आणि थर्मोकपलचं ग्राउंड एकाच तांब्याच्या पट्टीवर होतं. पट्टी १ मिलिमीटर रुंद, १० सेंटिमीटर लांब. ३५ मायक्रॉन जाडीच्या तांब्यात तिचा रोध साधारण ५० मिलीओहम. गुणाकार दीड मिलीव्होल्टच येतो. के टाइप थर्मोकपल एका अंशाला जेमतेम ४१ मायक्रोव्होल्ट देतं. सदतीस अंश माझ्याच पट्टीत होते! रिले ओढला की आकडा सेट पॉइंटच्या वर, सोडला की पुन्हा खाली.

टेबलावर तपासताना मी रिलेच्या जागी २ मिलीअँपिअरची एलईडी लावली होती. तेव्हाही आकडा दोन-अडीच अंश हलला होता. मी तो सोडून दिला, ते अजून खुपतं.

काकांनी ब्लेडने पट्टी कापली. मी रिलेच्या ट्रान्झिस्टरपासून थेट सप्लायच्या कपॅसिटरपर्यंत वेगळी वायर सोल्डर केली. मीटर पुन्हा लावला, रिले ओढला. शून्य.

मग भट्टीसमोर उभे राहिलो. ८१३ गेलं, ८३० गेलं. कुणीच बोलत नव्हतं. ८५० ला कॉन्टॅक्टर एकदाच सुटला, खट्.

"आता ड्रॉइंग दुरुस्त कर," काका म्हणाले आणि मीटरच्या वायरी गुंडाळायला लागले.