तुम्ही विचारलेत म्हणून: न्यायाधीश ब्रूमफिल्ड यांच्याविषयी

गांधीजींना सहा वर्षांची शिक्षा देणाऱ्या ब्रूमफिल्डविषयी मी एवढ्या आदराने का बोलतो, हे मला विद्यार्थ्यांनी वर्गात विचारले आहे आणि नातेवाइकांनी लग्नाच्या पंगतीतही. कायदा शिकवण्यात आयुष्य गेलेल्या माणसाला साहेबाचा भक्त म्हटलेले सहन होत नाही, म्हणून एकदाचे लिहितो.

१८ मार्च १९२२ रोजी अहमदाबादच्या सर्किट हाऊसमध्ये गांधीजींनी राजद्रोहाचा गुन्हा लगेच कबूल केला. तरीही खटला रीतसर पूर्ण चालवावा, हा ॲडव्होकेट जनरल स्ट्रँगमन यांचा आग्रह ब्रूमफिल्ड यांनी मानला नाही. मग गांधीजींनी निवेदन वाचले आणि न्यायाधीशांपुढे दोनच वाटा ठेवल्या: हा कायदा दुष्ट वाटत असेल तर पद सोडा, नाहीतर कठोरात कठोर शिक्षा द्या. राजद्रोहाच्या कलम १२४-अ खाली जन्मठेपेचे काळे पाणीही देता येत होते. ब्रूमफिल्ड दोन्ही वाटांनी गेले नाहीत. आजवर माझ्यासमोर आलेल्या कोणत्याही आरोपीपेक्षा तुम्ही वेगळ्या कोटीतले आहात, असे त्यांनी भर न्यायालयात सांगितले, टिळकांच्या खटल्याचा दाखला देऊन सहा वर्षांची साधी कैद सुनावली, आणि सरकारला पुढे ही मुदत कमी करता आली तर माझ्याइतका आनंद दुसऱ्या कोणाला होणार नाही, असेही म्हटले. टिळकांशी नाव जोडले जाणे गांधीजींनी आपला बहुमान मानला. त्याच टिळकांना १९०८ मध्ये सहा वर्षांची शिक्षा देताना न्यायमूर्ती दावर यांनी, म्हणजे एका भारतीय न्यायाधीशाने, किती कठोर शब्द वापरले होते, हे आपण मराठी माणसांनी तरी विसरू नये.

‘पण वर्षे तेवढीच ना?’ हो, तेवढीच. कायदा वाईट असला तरी न्यायाधीशाने तोच राबवावा, असे मी तरुणपणी ठामपणे शिकवीत असे. आज ते वाक्य उच्चारताना माझी जीभ अडखळते, कारण सौजन्याने दिलेली कैदही येरवड्यातच भोगावी लागते. तरीही १९२८ च्या बार्डोली सत्याग्रहानंतर हेच ब्रूमफिल्ड सरकारी अधिकारी मॅक्सवेल यांच्याबरोबर चौकशीसाठी तिथे गावोगाव फिरले आणि सरकारने लादलेली सुमारे २२ टक्क्यांची सारावाढ ६ टक्क्यांच्या आसपास आणावी, असा अहवाल त्यांनी सरकारलाच दिला, हे मी कसे लपवू? १९२२ मध्ये त्यांनी राजीनामा दिला असता तर त्या शेतकऱ्यांचे म्हणणे कोणी ऐकले असते? हा युक्तिवाद खुर्चीला चिकटून राहणारा प्रत्येक जण करतो, हेही मला ठाऊक आहे, आणि तरी तो मला टाकून देता येत नाही.