आमची वाटचाल : नवं कापड जुनं करायचा धंदा

आमचं मूळ दुकान अमळनेरला, पप्पांचं शिलाईकाम आणि जोडीला ड्रेपरी भाड्याने. गॅदरिंगचा सीझन आला की मावळे, राधाकृष्ण, भारतमाता सगळे आमच्याच पेटीतून निघायचे, आणि मावळ्यांच्या पगड्या दरवर्षी परत येताना दोन कमी. मी शिकून नोकरीला लागेन असं घरच्यांना वाटायचं, नाही लागलो, जाऊ द्या.

सिनेमात शिरलो ते अहिराणी गाण्यांमुळे. आमच्याकडे लग्नाच्या वरातीत डीजेवर तीच वाजतात, यूट्यूबवर पण जोरात चालतात, तर अशाच एका गाण्याच्या शूटिंगला नाचणाऱ्या पोरींसाठी लुगडी दिली, त्यातून ओळख होत होत एका मराठी पिक्चरचं काम आलं, शेतकरी कुटुंबाचे कपडे. मी आणि बायकोने रात्री जागून बावीस ड्रेस शिवले, कडक इस्त्री करून हँगरला लावून नेले. कॅमेरामनने मॉनिटरमध्ये बघितलं आणि म्हणाला, दादा, हा माणूस कापूस वेचायला चाललाय का साखरपुड्याला?

लाज वाटली पण खरं काम तिथूनच सुरू झालं. पांढरं धोतर कॅमेऱ्यात चमकतं म्हणून ते आधी चहाच्या पाण्यात बुडवायचं. कॉलर, कोपर, गुडघा पॉलिश पेपरने घासायचा, पण सगळीकडे सारखा नाही, माणूस जिथे घासतो तिथेच. खिसा लोंबायला हवा तर ओल्या शर्टाच्या खिशात दगड टाकून रात्रभर टांगायचा. वाळलेला घाम दाखवायला गडद कापडावर मिठाचं पाणी, वाळलं की पांढरी रेघ येते. आणि माती आपल्या कपाशीच्या शेतातली काळीच, गेरूने ते काम होत नाही. पप्पा हे बघून आठवडाभर बोलले नाहीत, मग एकदम म्हणे, "येडा व्हयना का रे, नवं कापड फाडी ऱ्हायना!"

शूटिंग कथेच्या क्रमाने होत नाही हे लोकांना माहीत नसतं. शेवटची मारामारी पहिल्या दिवशी आणि त्याआधीचा सीन पंधरा दिवसांनी, म्हणून रक्त-चिखल असला की एकाच शर्टाचे चार नग, फाटलेला वेगळा, धडका वेगळा, प्रत्येकाला सीन नंबरची चिठ्ठी आणि फोटो. एकदा मी डावी बाही फाडायची ती उजवी फाडली, बायको अजून ऐकवते.

पुढे सेटचं कामही घेतलं, कारण धाब्याच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घराचा सेट बाहेरच्या लोकांनी केला तर चुलीमागची भिंत स्वच्छ असते आणि भरीत भाजायला कपाशीच्या काड्यांचा ढीग कुठेच नसतो! कोणी म्हटलं खानदेशात कुठे आलं हे आर्ट डिरेक्शन, की मी फैजपूर सांगतो. 1936 चं काँग्रेस अधिवेशन, खेड्यात भरलेलं पहिलंच, त्याची सगळी सजावट नंदलाल बोस यांनी बांबू आणि गावात मिळेल त्या सामानातून केली होती. आणि कपड्यांचं म्हणाल तर भारताला पहिला ऑस्कर कोणी आणला, कोल्हापूरच्या भानू अथैयांनी, 1983 ला, 'गांधी'च्या कपड्यांसाठी. मुंबईत जन्मावंच लागतं असं काही नाही.

पैशाचं विचाराल तर एका निर्मात्याकडे अजून अर्धं पेमेंट अडकलंय, फोन उचलत नाही, तेव्हापासून ॲडव्हान्स आल्याशिवाय कात्री हातात घेत नाही. आता आम्ही चौघं आहोत, दोन मुली शिलाईला, आणि भांड्यांवर जुने कपडे घेणाऱ्या बायकांकडून आम्ही खरोखर वापरलेली लुगडी विकत घेतो, कारण वीस वर्षं धुतलेल्या कापडाचा पोत चहाने येत नाही, कितीही उकळा.

काल गच्चीवर सहा धोतरं मळवून वाळत टाकली होती. शेजारच्या काकूंना वाटलं पोरांना धुता येत नाही, त्यांनी त्यातली दोन काढून स्वच्छ धुतली, नीळ दिली आणि घडी करून दारात आणून ठेवली. शूट परवा आहे.