एमएफआय म्हणजे आपण नेमकं काय मोजतो

गेल्या आठवड्यात आमच्या लॅबमध्ये एक नवीन ट्रेनी मुलगा आलाय, डिप्लोमा झालाय, विरारवरून येतो. तिसऱ्या दिवशी रजिस्टरमध्ये प्लास्टिकच्या दाण्याच्या एमएफआयचं (तो वितळल्यावर किती वाहतो त्याचं) रीडिंग लिहिता लिहिता त्याने विचारलं, "मॅडम, एमएफआय जास्त आला म्हणजे माल चांगला ना?" मी तिथल्या तिथे दोन मिनिटं समजावलं पण माझंच समाधान झालं नाही, कारण हाच प्रश्न मी परचेसवाल्यांकडून ऐकलाय, दाणा विकणाऱ्या व्यापाऱ्यांकडून ऐकलाय, आणि एकदा या गैरसमजाचा आम्हाला चांगलाच फटका बसलाय. म्हणून सविस्तर लिहितेय, या लाइनमधल्या कुणाला तरी उपयोग होईल.

मी कांदिवलीला एका इंडस्ट्रियल इस्टेटमधल्या गाळ्यात काम करते. आम्ही डबे आणि झाकणं बनवतो, इंजेक्शन मोल्डिंग, म्हणजे वितळलेलं प्लास्टिक दाबाने साच्यात भरायचं, आणि क्वालिटीचं सगळं माझ्याकडे आहे. आमचा मुख्य माल म्हणजे पीपी, पॉलिप्रॉपिलीन. एमएफआय म्हणजे मेल्ट फ्लो इंडेक्स, आणि साध्या भाषेत सांगायचं तर वितळलेलं प्लास्टिक किती सहज वाहतं त्याचा आकडा, बस एवढंच.

मशीन बघितलं नसेल तर घरातला सोऱ्या डोळ्यासमोर आणा. दिवाळीत आई शेव पाडते तेव्हा सोऱ्यात पीठ भरते, वरून दाबते, खालच्या जाळीतून शेव पडते. पीठ सैल असेल तर भसाभसा पडते, घट्ट असेल तर दाबून दाबून हात भरून येतो. आमचं मशीन म्हणजे तोच सोऱ्या, फक्त भोक एकच आणि सगळं मापात. आत तापवलेलं बॅरल, म्हणजे पोकळ नळी, साधारण साडेनऊ मिलिमीटर रुंद, खाली एक छोटी डाय, ८ मिलिमीटर लांब आणि भोक २.०९५ मिलिमीटरचं. बॅरल पीपीसाठी २३० डिग्रीला ठेवायचं. चार-पाच ग्रॅम दाणा आत टाकायचा, दांडीने नीट दाबायचा म्हणजे हवा राहत नाही, काही मिनिटं वितळू द्यायचा, आणि मग पिस्टनवर वजन ठेवायचं. पिस्टन धरून एकूण २.१६ किलो. हाताचा जोर इथे चालत नाही, वजन स्वतःच्या स्वतः खाली येतं आणि खालून पांढरट, काचेसारखी चमकणारी तार येऊ लागते. पिस्टनवरची खूण आली की घड्याळ लावून दर दहा सेकंदाला पट्टीने तार कापायची. बुडबुडा असलेला तुकडा बाजूला काढायचा, बाकीचे गार झाले की काट्यावर मोजायचे. दहा सेकंदाचा तुकडा ०.१८ ग्रॅम भरला तर गुणिले ६०, म्हणजे १०.८, आणि हा झाला एमएफआय, १० मिनिटांत १०.८ ग्रॅम.

इथे नावाबद्दल थोडं बोलायला हवं. इंडेक्स म्हटलं की आपल्याला मुंबईत सेन्सेक्स आठवतो, म्हणजे नुसता आकडा, त्याला ना ग्रॅम ना मीटर. एमएफआयला मात्र एकक आहे, ग्रॅम भागिले १० मिनिटं. म्हणूनच आयएसओच्या स्टँडर्डमध्ये आता इंडेक्स न म्हणता मेल्ट मास फ्लो रेट म्हणतात, एमएफआर. मराठीत वितळ-प्रवाह निर्देशांक असं करता येईल पण शॉप फ्लोअरवर ते कुणी बोलणार नाही, तिथे एमएफआयच, नाहीतर नुसतं "फ्लो किती आहे याचा?" आणि खरं तर फ्लो हाच शब्द जास्त बरोबर आहे, कारण त्यातून ताकद मोजली असा भास होत नाही.

आता आकड्याचा अर्थ. पॉलिमर म्हणजे रेणूंच्या लांबच लांब साखळ्या, एकमेकींत लोकरीच्या गुंड्यासारख्या गुंतलेल्या. साखळ्या जितक्या लांब तितका गुंता जास्त, तितकं ते वाहायला नाखूष, म्हणजे एमएफआय कमी. आणि साखळ्या लांब असल्या की वस्तू सहसा चिवट होते, आपटली तरी चटकन फुटत नाही. म्हणजे त्या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर जवळजवळ उलटं आहे, एमएफआय जास्त म्हणजे साखळ्या आखूड. पण म्हणून कमी एमएफआय चांगला असंही नाही! पाइपला कमी फ्लोचा माल लागतो, नाहीतर एक्स्ट्रुडरमधून, म्हणजे सलग पाइप काढणाऱ्या मशीनमधून, बाहेर आल्यावर तो स्वतःचा आकार धरणार नाही. गोणीच्या पट्ट्या काढणारे साधारण ३ चा पीपी वापरतात. आमच्या डब्यांना ११-१२, आणि पातळ भिंतीचे, एकदा वापरून टाकायचे ग्लास असतील तर त्याच्याही कितीतरी वर, कारण पातळ फटीतून माल पार टोकापर्यंत पोचला पाहिजे, नाहीतर तुकडा अर्धवट भरून निघतो, त्याला शॉर्ट म्हणतात. तेव्हा चांगला की वाईट हा प्रश्नच नाही, कशासाठी हवाय ते आधी सांगा. ग्रेडच्या नावातही बऱ्याचदा हे लपलेलं असतं. बाजारात सगळ्यांच्या तोंडी असलेलं एच ११० एमए घ्या, त्यातला ११० म्हणजे ११.० एमएफआय, आणि एच ०३० एसजी मधला ०३० म्हणजे ३. मला हे नोकरीला लागल्यावर दोन वर्षांनी कळलं, तोपर्यंत मी ते नुसतं नाव म्हणूनच पाठ केलं होतं.

अजून एक गोष्ट जी मला स्वतःला फार महत्त्वाची वाटते. साखळीची लांबी थोडी जरी बदलली तरी फ्लो खूप बदलतो. वितळलेल्या पॉलिमरचा घट्टपणा साधारणपणे रेणूभाराच्या ३.४ व्या घाताने वाढतो असं आम्हाला शिकवलेलं. गणित करून बघा, एमएफआय ११ चा २२ झाला, म्हणजे दुप्पट, तर साखळ्यांची सरासरी लांबी निम्मी झालेली नसते, ती फक्त १८ टक्क्यांच्या आसपास कमी झालेली असते. म्हणून एमएफआय हा तुटलेल्या साखळ्या पकडायला फार उपयोगी आहे. रनर, म्हणजे साच्याच्या वाटेत गोठलेला उरलेला माल, ग्राइंड करून परत हॉपरमध्ये टाकतो आपण, दर वेळी मोल्डिंग मशीनच्या बॅरलच्या उष्णतेने पीपीच्या थोड्या साखळ्या तुटतात आणि फ्लो वाढत जातो. व्हर्जिन, म्हणजे कोरा, ११ चा माल मोल्ड होऊन आल्यावर १३ दाखवत असेल तर समजू शकतं, १८-२० दाखवत असेल तर मशीनवर कुणीतरी तापमान चढवून ठेवलंय किंवा माल बॅरलमध्ये पडून राहिलाय. पॉलिएथिलीनचं मात्र वेगळं, तिथे तापवताना साखळ्या एकमेकींना जोडल्याही जाऊ शकतात, मग फ्लो उलटा कमी होतो. त्यामुळे पीपीचा अनुभव घेऊन एचडीच्या (एचडीपीई, पॉलिएथिलीनचाच एक प्रकार) मालावर निर्णय द्यायचा नाही.

आता आमचा फटका. एका पावसाळ्यात व्हर्जिनचे भाव चढले होते आणि ठरलं की एका झाकणासाठी थोडा रिप्रोसेस दाणा, म्हणजे जुनं प्लास्टिक वितळवून परत केलेला, मिसळून बघू. हे झाकण म्हणजे बिजागरीवालं, डब्याचं तोंड आणि झाकण एकाच तुकड्यात, मध्ये कागदासारखी पातळ पट्टी. पीपीची ही खासियतच आहे, ती पट्टी मोल्डमधून निघाल्यावर गरम असतानाच एकदा दुमडली की साखळ्या त्या दिशेत सरळ होतात आणि मग हजारो वेळा उघडझाप केली तरी तुटत नाही. व्यापाऱ्याने सर्टिफिकेट दिलं, एमएफआय १०. मी स्वतः चेक केला, १०.२ आला. आमच्या ११ च्या अगदी जवळ, मी ओके केलं. मशीनवर पण काही तक्रार नाही, माल छान भरत होता, सायकल टाइम तोच. आठ दिवसांनी ग्राहकाकडून पोतंभर झाकणं परत आली. मी टेबलावर बसून एक एक उघडून बघत होते, दहा-बारा वेळा उघडझाप केली की पट्टीवर आधी एक पांढरी रेघ उठायची आणि मग कट्कन तुकडा हातात. ती पांढरी रेघ अजून डोळ्यासमोर आहे माझ्या.

तीन-चार दिवस मी त्याच्या मागे होते. शेवटी क्रुसिबलमध्ये, म्हणजे आगीत टिकणाऱ्या छोट्या वाटीत, तो दाणा जाळून बघितला, शुद्ध पीपी असेल तर जवळजवळ काही उरत नाही, इथे तळाला चांगली पांढरी राख. तेव्हा लक्षात आलं की जुन्या गोण्या दळून घातलेल्या आहेत, कारण गोणीच्या पट्ट्यांमध्ये कॅल्शियम कार्बोनेट घालतात आणि राख त्याचीच. पण गोणीचा माल तर ३ च्या आसपासचा, मग १० कसा आला? कारण दुसरीकडून बराच तुटलेला, जास्त फ्लोचा माल मिसळलेला. आणि हे मिश्रणाचं गणित साधं सरासरीचं नसतं, लॉगचं, म्हणजे लॉगॅरिदमचं असतं. ३ चा आणि ३५ चा माल अर्धा अर्धा मिसळा, सरासरी १९ येईल असं वाटतं, पण लॉगने काढलं तर १०.२ च्या आसपास येतं. म्हणजे त्या दाण्यात ११ च्या साखळ्या जवळजवळ नव्हत्याच, काही खूप लांब, काही खूप आखूड आणि मध्ये ती कॅल्शियम कार्बोनेटची भुकटी. मशीनने जो आकडा दाखवला तो खरा होता, मी त्यातून जो अर्थ काढला तो चुकीचा होता. एमएफआय म्हणजे एका तापमानाला, एका वजनाखाली, त्या एका भोकातून किती माल आला, आणि तेवढंच. साखळ्या सारख्या आहेत का, आत काय मिसळलंय, हे तो सांगतच नाही.

आणि मोल्डिंगमध्ये काय होणार हेही तो पूर्ण सांगत नाही. २.१६ किलोचा दाब बॅरलच्या क्षेत्रफळावर काढला तर ३ बारच्या जरासा खाली येतो, आमच्या मोल्डिंग मशीनवर शेकड्यांत बार असतात. डायमध्ये माल ज्या वेगाने घासला जातो, म्हणजे शिअर रेट, तो ११ च्या मालाला सेकंदाला वीस-तीस, गेटमध्ये, म्हणजे माल साच्यात शिरतो त्या अरुंद तोंडाशी, तोच हजारोंच्या घरात. पॉलिमरची सवय अशी की जितकं जोरात ढकलाल तितकं पातळ होतं, आणि किती पातळ होणार ते साखळ्यांच्या लांबीच्या फरकावर ठरतं. म्हणून सारख्या एमएफआयचे दोन ग्रेड एकाच मोल्डमध्ये वेगळे वागतात, ऑपरेटर म्हणतो "मॅडम हा माल जड चालतोय" आणि आपण कागद दाखवतो की आकडा तोच आहे. माझा अनुभव असा की अशा वेळी ऑपरेटरचं ऐकावं. धारावीच्या तेरा कंपाउंडमध्ये, जिथे जुनं प्लास्टिक निवडून रिसायकल करतात, तिथे काम करणारी माणसं तुकडा आपटून त्याचा आवाज ऐकतात, जाळून वास घेतात आणि पीपी, एबीएस अशी प्लास्टिकं वेगळी काढतात, कुठल्याही टेस्टशिवाय. ते ज्ञानच आहे, आमच्या आकड्याच्या शेजारी ते हवं.

दुसरी एक चूक सगळीकडे दिसते, कंडिशन न लिहिता आकडा लिहिणे. पीपी २३० डिग्रीला मोजतात, पॉलिएथिलीन १९० ला. एचडीपीई पाइपचा माल २.१६ किलोखाली इतका हळू येतो की ५ किलो लावतात, फिल्मच्या काही ग्रेडना चक्क २१.६ किलो. तोच दाणा, वजन बदललं की आकडा कुठल्या कुठे जातो. व्यापारी फोनवर नुसतं "फ्लो ७ आहे" म्हणाला तर त्याला लगेच विचारा, कुठल्या वजनाला? आणि पीव्हीसीसाठी तर हा शब्द वापरायचाच नाही सहसा, तिथे के व्हॅल्यू नावाचा वेगळा आकडा, पाइपवाले ६७ म्हणतात ते हेच. पेट बाटलीच्या लोकांकडे आयव्ही, इंट्रिन्सिक व्हिस्कॉसिटी, म्हणजे द्रावणात विरघळवून मोजलेला घट्टपणा. मुळात सगळेजण साखळीची लांबीच वेगवेगळ्या दारांनी विचारतायत.

बरं, मशीनची साफसफाई. डायमध्ये जुना माल चिकटून राहिला तर भोक लहान होतं आणि रीडिंग खाली येतं, म्हणून प्रत्येक टेस्टनंतर बॅरल गरम असतानाच सुती फडकं दांडीला गुंडाळून आतून फिरवायचं, डाय काढून तिच्या मापाच्या पिनेने साफ करायची आणि उजेडासमोर धरून बघायचं. कंटाळवाणं काम आहे, हाताला चटके बसतात, ग्लोव्हज घातले तरी. पण माझ्या मते अर्धी चुकीची रीडिंग्ज इथूनच येतात.

हे सगळं त्या मुलाला परवा नीट बसून सांगितलं, जुन्या झाकणांतलं एक मी ड्रॉवरमध्ये ठेवलंय ते त्याच्या हातात दिलं आणि उघडझाप करायला लावली. सातव्या वेळी पांढरी रेघ आली. काल नवीन लॉट आला तेव्हा त्याने रजिस्टरमध्ये ११.३ लिहिलं, त्याच्या पुढे २३०/२.१६ लिहिलं, आणि मग मला न विचारता क्रुसिबल काढून ठेवलं.