उणं, दोष, ट्रेत

सबटायटलच्या धंद्यात विनोदी मालिका कोणी हौसेनं घेत नाही. खुनाची गोष्ट एका बैठकीत हातावेगळी होते. विनोदाच्या एका ओळीला अख्खा दिवस जातो, आणि पैसे मात्र दोन्हींना मिनिटावरच. त्या दिवशी माझ्या वाट्याला ‘फॉल्टी टॉवर्स’ या ब्रिटिश विनोदी मालिकेचा १९७५चा पहिला भाग आला. नव्या मुलांच्या चाचणीसाठी नमुना मराठी फाइल हवी होती.

टॉर्कीतल्या हॉटेलचा खडूस मालक बेसिल बार्सिलोनाच्या मॅन्युएल वेटरला सांगतो, ट्रेमध्ये लोणी जास्त झालंय. इंग्रजीतले शेवटचे शब्द तोडून तोडून: ऑन, दोज, ट्रेज. मॅन्युएलला वाटतं, साहेब स्पॅनिश आकडे म्हणताहेत आणि चुकताहेत. तो प्रेमानं सुधारतो: उनो, दोस, त्रेस. म्हणजे एक, दोन, तीन.

याचं मराठी करा!

शेजारची मुलगी म्हणाली, “ताई, ‘ऊन डोसे ट्रेत’!” सगळे हसलो. पण पडद्यावर लोण्याचे गोळे ढळढळीत दिसतात, डोसे कुठून आणू?

सरांचा उपाय वेगळा. “मॅन्युएलला आपल्या वॉचमनसारखं मोडकं मराठी दे. लोक हसतील.” हसतील, त्यात शंकाच नाही. पण कुणाला? तोडगा तसा जुनाच आहे. स्पेनमध्ये डबिंग झालं तेव्हा त्यांनी मॅन्युएलला इटालियन केला, बार्सिलोनाकडच्या कॅटलान भाषेत तर मेक्सिकन. आपला माणूस कोणालाच नको होता.

मी सरांना अँड्र्यू सॅक्सबद्दल सांगितलं. मॅन्युएल करणारा हा नट मूळचा बर्लिनचा. वडील ज्यू, म्हणून १९३८ मध्ये घरदार सोडून लंडनला आला, वय आठ. परक्या भाषेत बावरलेला माणूस त्याला कुठून उसना आणावा लागला नसणार, असं आपलं मला वाटतं. स्पॅनिश ढब जमेल की नाही या धास्तीनं त्यानं आधी ‘वेटर जर्मन करू का?’ असंही विचारलं होतं. १९७५ आणि १९७९ मिळून भाग बाराच. तेवढ्या भागांत डोक्यात तवा खाल्ला आणि आगीच्या प्रसंगात, कोट धुमसता दिसावा म्हणून लावलेल्या रसायनानं भाजूनही घेतलं. याच माणसानं १९७८ मध्ये बीबीसी रेडिओसाठी एकही संवाद नसलेली श्रुतिका लिहिली. रेडिओवर, आणि शब्दांवाचून!

सर म्हणाले, “बरं, पण संध्याकाळी फाइल पाहिजे.”

चहा गार झाला. दोन ओळींत बसवायचं, वाचायला तीन-चार सेकंद. साडेपाचच्या सुमाराला ‘उणं’ सुचलं आणि बाकीचं मागोमाग आलं. बेसिल: “लोणी कर उणं! दोष... ट्रेत!” मॅन्युएल: “नाही सेन्योर, ‘उणं, दोष, ट्रेत’ नाही. उनो, दोस, त्रेस!”

‘उणं कर’ आज कोण म्हणतं, हे मलाही कळतं. पण बेसिल तसाही पुस्तकी तोऱ्यातच बोलतो.

मग राहिलं मॅन्युएलचं ते प्रसिद्ध स्पॅनिश ‘के?’. खाली ‘काय?’ टाकलं. ओठ जवळजवळ तेच, भुवया तर तंतोतंत. पुसून टाकलं.

दुसऱ्या दिवशी तपासनिसाचा शेरा आला: ‘मॅन्युएलची एक ओळ राहिली आहे.’

मी उत्तर लिहिलं: ‘राहू द्या.’