रफूची वही : नोंद सातवी

गेल्या नोंदीतला तिसरा नियम मी खोडला. त्याबरोबर माझ्या कथेच्या पहिल्या प्रकरणाची अठरा पानंही गेली.

नव्याने वाचणाऱ्यांसाठी : रफू ही माझ्या काल्पनिक विश्वातली एक नैसर्गिक घटना आहे, ग्रहणासारखी. काळाला चीर पडली की रफू येतो आणि ती सांधतो. त्याला कोणी पाठवत नाही, तो कोणाचं ऐकत नाही. पण सांधायला लागणारा वेळ तो आणतो कुठून? जुन्या नियमात तो कुठूनच येत नव्हता, नुसता उगवायचा. त्यामुळे कथेत कोणाचं काही जातच नव्हतं.

उत्तर रविवार पेठेत मिळालं. बाबांच्या लोकरी कोटाला कसर लागून कोपरावर हरभऱ्याएवढं भोक पडलं होतं, म्हणून रफूगराकडे गेले. चाचांनी कोट उलटा केला, खालची दुमड बोटभर उसवली आणि सुईच्या टोकाने तिच्यातले धागे एकेक करून ओढून काढले. मी विचारलं, "या रंगाचा दोरा बाजारात मिळत नाही का?"

"मिळतो ना ताई. पण परका दोरा वर्षभरात वेगळा दिसायला लागतो. त्याच कापडाचा घ्यायचा, जिथे कोणाची नजर जात नाही तिथला."

मग भोकाच्या दोन्ही कडांपलीकडे थोडं चांगलं कापड धरून उभे धागे, आणि त्यांतून एक वर एक खाली करत आडवे. तासाभरात भोक कुठे होतं ते मलाच बोटांनी चाचपावं लागलं.

नवा तिसरा नियम तिथेच पावतीच्या मागे लिहिला : रफू काळाच्याच दुमडीतून धागा घेतो.

विश्वाची दुमड कुठली, हे ठरवायला मात्र दोन आठवडे गेले. शेवटी भूतप तारकासमूहाच्या दिशेची ती प्रचंड पोकळी निवडली. १९८१ साली तिचा शोध लागला, आणि तिचं केंद्र आपल्यापासून सुमारे ७० कोटी प्रकाशवर्षांवर आहे. ती पूर्ण रिकामी नाही, थोड्या दीर्घिका तिच्यातही आहेत, आणि नेमकं तेच मला हवं होतं. आपल्याकडे जो क्षण सांधला जातो, तो तिथल्या कोणाच्या तरी संध्याकाळीतून कमी होतो. कथेचा जीव आता इथे आहे असं मला वाटतं.

पण मग अंतराची अडचण आली. धागा प्रकाशाच्या वेगाने निघाला तरी चीर पडायच्या ७० कोटी वर्षं आधी निघायला हवा. इथे मी चांगलीच अडकले होते. सोडवलं पंचांगाने. चांद्रवर्ष सुमारे ३५४ दिवसांचं, सौरवर्ष ३६५ दिवसांचं. दरवर्षी अकराएक दिवस मागे पडत जातात आणि साधारण अडीच-पावणेतीन वर्षांनी अधिकमास ती थकबाकी भरून काढतो. २०२३ साली श्रावण अधिक होता. आई तेहेतीस अनारसे मोजून ताटात लावत होती तेव्हा तो महिना काही अचानक उपटला नव्हता, त्याचं गणित फार आधी मांडून झालं होतं. काळाची चीरही तशीच. ती अपघाताने पडत नाही, थेंबाथेंबाने साठलेल्या तुटीतून उघडते. म्हणून रफू आधीच निघालेला असू शकतो. हा चौथा नियम, आणि आतापर्यंतच्या सगळ्या नियमांत माझा सर्वात लाडका.

आता राहिलं ते ओळखण्याचं काम. माझी नायिका पल्सारच्या, म्हणजे गरगर फिरत ठरावीक तालात रेडिओ स्पंद पाठवणाऱ्या ताऱ्यांच्या, नोंदी तपासते, नारायणगावजवळच्या खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीतल्या. (४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या तिथे उभ्या आहेत. ज्यांनी पाहिल्या नसतील त्यांनी २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाला जरूर जावं.) वेला पल्सार सेकंदाला सुमारे अकरा फेऱ्या मारतो आणि मधेच झटक्याने वेग वाढवतो, त्याला ग्लिच म्हणतात. ग्लिचमध्ये फिरण्याचा वेगच बदलतो, त्यामुळे स्पंदांचा फरक दिवसागणिक वाढत जातो. दूरच्या पल्सारपाशी रफू झाला तर वेग तोच राहील, फक्त सगळे स्पंद एकाच मापाने सरकतील. आलेखात तिरकी रेघ दिसली तर ग्लिच, सरळ पायरी दिसली तर रफू. मी दोन्ही संगणकावर काढून पाहिले, फरक लख्ख दिसतो.

रफू पृथ्वीवरच झाला तर प्रकरण अवघड. सगळे पल्सार एकदम सारखेच सरकतात, आणि वेधशाळेचं घड्याळ बिघडलं तरी अगदी हेच दिसतं. यातून वाट अशी काढली : बिघाड एका घड्याळात असतो, रफू मात्र पृथ्वीवरच्या सगळ्या घड्याळांना एकत्र सांधतो. घड्याळं एकमेकांची साक्ष देतात आणि आकाशातले सगळे पल्सार मिळून त्यांना खोटं पाडतात. हा प्रसंग लिहिताना हाताला घाम आला होता.

यावरून पहिल्या प्रकरणाची तारीखही ठरली, १ जानेवारी २०१७. त्या पहाटे आपल्या घड्याळांत ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर ६० वा सेकंद आला. पृथ्वीच्या फिरण्याशी घड्याळं जुळवून घ्यायला १९७२पासून घातलेला तो सत्ताविसावा जादा सेकंद, म्हणजे लीप सेकंद. घड्याळांत माणसांनीच हात घातलेला असताना आणखी तीन मायक्रोसेकंदांची पायरी दिसली, तर तिला बिघाडाच्या खात्यात टाकून कोणीही पुढे जाईल. नायिकेचे वरिष्ठही तेच करतात.

नवी सहा पानं झाली आहेत. पोकळीतल्या माणसांना (माणसं म्हणावं का, तेही ठरायचंय) आपला क्षण गेल्याचं कळतं की नाही, हे अजून सुटलेलं नाही. पुढच्या आठवड्यात बाबांचा कोट घेऊन परत चाचांकडे जाणार आहे. धागे काढल्यावर दुमडीचं कापड किती विरळ झालंय ते उलटून नीट बघायचं राहिलं होतं.