बुधवारचा डबा

डिसेंबरात नागपुरात तिबेटी लोकांचा स्वेटरबाजार लागला की माझी एक फेरी ठरलेली. गेली पाच-सहा वर्षं एकाच बाईंकडून घेते. त्या गोंदिया जिल्ह्यातल्या गोठणगावजवळच्या नॉरग्येलिंग वसाहतीत वाढलेल्या, त्यामुळे बोलणं माझ्यापेक्षा वैदर्भी. यंदा बघते तर अंगात छुपा, म्हणजे पायघोळ तिबेटी झगा, कमरेला पांगदेन, म्हणजे पट्टेरी एप्रन.

"सण हाय का आज?"

"सण कायचा ताई, बुधवार हाय."

गल्ल्याशेजारी बिस्किटांचा पत्र्याचा डबा होता. बुधवारी मायलेकींनी आपसात तिबेटीतच बोलायचं, हिंदी शब्द निघाला की डब्यात एक रुपया. गिऱ्हाइकाशी बोललेलं माफ. याला ल्हाकर म्हणतात. बुधवार हा दलाई लामांचा वार. २००८ मध्ये तिबेटातली चीनविरोधी निदर्शनं चिरडली गेल्यावर ही रीत तिथे पसरली. मोर्चा काढला तर तुरुंग. पण घरात आपली भाषा बोललं, आपला पोशाख घातला, तर कुठलं कलम लावणार? (लावतात, म्हणा.)

घरी येऊन वाचत बसले. १२ मार्च १९५९ ला ल्हासात हजारो बायका चीनविरोधात दलाई लामांच्या 'पोटाला' राजवाड्यासमोर जमल्या होत्या, हे ठाऊक होतं. अडकले ती ल्हासातल्याच द्रापची तुरुंगापाशी. १९९३ मध्ये तिथल्या १४ भिक्षुणींनी चोरून आत आणलेल्या टेपरेकॉर्डरवर स्वातंत्र्याची गाणी भरली. कॅसेट बाहेर पोचली आणि त्यांच्या शिक्षा पाच ते नऊ वर्षांनी वाढल्या. त्यांतली न्गवांग सांगद्रोल १९९० मध्ये पहिल्यांदा पकडली गेली तेव्हा १३ वर्षांची होती. गाण्यांपायी तिला सहा वर्षं जादा. पुढेही शिक्षा वाढतच गेली. सुटली २००२ मध्ये.

१९९३ मध्ये मीही टेपरेकॉर्डरपुढे बसले होते, शाळेच्या गॅदरिंगसाठी. चुकलं की रिवाइंड, परत पहिल्यापासून. त्यांना पहारेकऱ्याचे पाय वाजायच्या आत उरकायचं होतं.

पुढच्या बुधवारी स्वेटरचं माप बदलायला गेले. मोठ्या मापाचे वरचे पैसे दिले, तर बाईंकडे परत द्यायला एक रुपया सुटा नव्हता. त्यांनी डबा उघडला.

"अरे, वो मेरा है!" लेक ओरडली.

आईने काही न बोलता डबा तिच्यापुढे धरला.